मोबाइलवरच्या नकलेपासून टीव्हीवरच्या पात्रापर्यंत: मेन मेंडोझा यांच्या वाटचालीतून काय आणि कसे शिकावे

४ जुलै २०१५ रोजी फिलिपिन्समधील ‘ईट बुलागा’ या दुपारच्या लोकप्रिय कार्यक्रमात एक नवी मुलगी दिसली. ती एका खाष्ट आजीची मोलकरीण होती. ती एक शब्दही बोलत नव्हती. मागे वाजणाऱ्या ध्वनिफितीवर फक्त ओठ हलवत होती, आणि चेहरा असा ठेवत होती की समोरच्या कोणाशीच तिला काही देणेघेणे नाही. त्या पात्राचे नाव होते याया डब आणि ते साकारणाऱ्या वीस वर्षांच्या मुलीचे नाव मेन मेंडोझा. बुलाकान प्रांतातील सांता मारिया हे त्यांचे गाव, शिक्षण हॉटेल व्यवसायाचे, आणि अभिनयाच्या नावावर जमा होत्या त्या मोबाइलवर स्वतःच चित्रित केलेल्या काही सेकंदांच्या नकला. त्यानंतर चार महिने पूर्ण व्हायच्या आत, २४ ऑक्टोबर २०१५ रोजी, बोकावे येथील ५५,००० आसनांच्या फिलिपीन अरीनामध्ये त्यांच्यासाठी प्रेक्षक जमले आणि त्या दिवसाच्या हॅशटॅगने २४ तासांत ४ कोटी ७ लाखांहून अधिक ट्विटांचा विक्रम नोंदवला.

ही हकीकत सांगताना बहुतेक जण ‘नशीब’ म्हणून मोकळे होतात. नशिबाचा वाटा त्यात होता, हे नाकारण्याचे कारण नाही. परंतु विनोदी व्हिडिओ करणाऱ्या किंवा करू पाहणाऱ्या माणसाने या वाटचालीकडे नीट पाहिले, तर शिकता येण्याजोगे पुष्कळ हाती लागते, आणि ते नशिबापेक्षा कितीतरी जास्त आहे. त्यातील मुख्य गोष्ट आधीच सांगतो: मेंडोझा यांनी ऑनलाइन व्हिडिओत स्वतःवर घालून घेतलेले बंधन टीव्हीवर जाताना टाकून दिले नाही. मोठा मंच मिळाल्यावर त्या बोलू लागल्या नाहीत. त्यांच्या गप्प राहण्याभोवतीच टीव्हीने आपला खेळ मांडला. पुढील मार्गदर्शन या एका गोष्टीच्या आधाराने लिहिले आहे.

आधी पाहावे, आणि आवाज बंद करून पाहावे

अभ्यासाची सुरुवात त्यांच्या जुन्या क्लिपांपासून करावी. त्या डब्स्मॅश या अ‍ॅपवर केलेल्या होत्या. बर्लिनमधील एका कंपनीने २०१४ च्या अखेरीस आणलेल्या या अ‍ॅपमध्ये वापरणाऱ्याने साधारण दहा सेकंदांपर्यंतचा तयार आवाज निवडायचा, त्यावर ओठ जुळवायचे आणि मोबाइलच्या पुढच्या कॅमेऱ्याने स्वतःला चित्रित करायचे, एवढीच सोय होती. संकलन नाही, प्रकाशयोजना नाही, दुसरा कलाकार नाही. हे अ‍ॅप पुढे बंद झाले, पण त्या काळातील क्लिपा आणि टीव्हीवरील भाग ऑनलाइन पाहायला मिळतात.

एकच क्लिप तीन वेळा पाहावी. पहिल्यांदा आवाज पूर्ण बंद करून पाहावी, म्हणजे केवळ चेहरा दिसतो आणि विनोद कोठे आहे ते कळते. टागालोग न येणाऱ्या माणसाला ही पद्धत सोयीची आहेच, पण ती भाषा येणाऱ्यानेही असेच करावे, कारण शब्द कानावर पडू लागले की डोळे आळशी होतात. दुसऱ्यांदा चित्र न पाहता केवळ आवाज ऐकावा आणि बोलणारा श्वास कोठे घेतो, कोणता शब्द लांबवतो, कोणत्या ठिकाणी अडखळतो हे टिपावे. तिसऱ्यांदा दोन्ही एकत्र पाहावे. या तिसऱ्या वेळी लक्षात येते की मेंडोझा ओठ जुळवतात ते अचूक, परंतु हसू येते ते ओठांमुळे नाही. वाक्य संपल्यानंतर उरणाऱ्या अर्ध्या क्षणात भुवई वर जाते, मान किंचित तिरकी होते, डोळे बाजूला वळतात, आणि आवाज थांबलेला असूनही बोलणारी व्यक्ती अजून पडद्यावर हजर असते. नवखे लोक नेमका हाच अर्धा क्षण कापून टाकतात.

बंधन आधी ठरवावे, विनोद नंतर सुचतो

व्हिडिओ करायला बसणारा माणूस सहसा ‘विषय काय घ्यावा’ असा प्रश्न विचारतो. त्याऐवजी ‘मी काय करणार नाही’ हा प्रश्न आधी सोडवावा. मेंडोझा यांच्या बाबतीत हे उत्तर अ‍ॅपनेच देऊन टाकले होते: स्वतःचा आवाज वापरायचा नाही. ज्याच्याजवळ आवाज नाही त्याला चेहरा राबवावा लागतो, आणि चेहरा राबवण्यातूनच त्यांची शैली घडली.

फिलिपिन्समधील इतर उदाहरणे पाहिली तरी हेच दिसते. मोयमोय पालाबोय या नावाने ओळखली जाणारी दोन भावांची जोडी २००७ च्या सुमारास यूट्यूबवर गाण्यांवर ओठ जुळवून आणि चेहरे वेडेवाकडे करून लोकप्रिय झाली. ॲशली रिव्हेरा यांनी पेत्रा माहालिमुयाक नावाच्या पात्राच्या रूपाने मेकअपच्या व्हिडिओंची नक्कल सुरू केली. कॅनडात वाढलेले मायकी बुस्तोस यांनी फिलिपिनो चालीरीती परक्या माणसाला शिकवण्याच्या थाटात ‘धडे’ केले. हे सर्व पुढे जीएमए वाहिनीच्या ‘बबल गँग’ या १९९५ पासून चालत आलेल्या विनोदी कार्यक्रमात पोहोचले. प्रत्येकाचा साचा वेगळा होता, पण प्रत्येकाजवळ साचा होता. वाहिनीच्या माणसाला त्या कलाकाराकडे पाहून ‘हा आपल्याकडे काय करील’ याचे उत्तर एका वाक्यात देता येत होते. ज्याला आज नाच, उद्या पाककृती, परवा थट्टा असे सर्व काही करता येते, त्याच्याविषयी हे वाक्य तयार होत नाही, मग त्याला पाहणारे कितीही असोत.

म्हणून स्वतःसाठी बंधन निवडताना तीन गोष्टी तपासाव्यात. ते साध्या साधनांनी पाळता यावे. ते पाहणाऱ्याला न सांगता पहिल्या काही सेकंदांत कळावे. आणि ते दुसऱ्या माणसाबरोबरही टिकावे, कारण टीव्हीवर कोणी एकटे नसते. शेवटची कसोटी सर्वांत कठीण असून तिच्याकडेच सर्वाधिक दुर्लक्ष होते. खोलीत एकट्याने केलेली नक्कल कितीही चांगली असली तरी समोर दुसरा नट उभा राहिल्यावर तिचे काय होईल, याचा विचार पहिल्या दिवसापासून करावा, आणि जमल्यास घरातल्या किंवा मित्रमंडळींतल्या कोणाला तरी समोर बसवून ती करून पाहावी.

नक्कल कोणाची करावी

मेंडोझा यांचे नाव झाले ते क्रिस अकीनो यांच्या बोलण्यावर केलेल्या क्लिपांच्या एकत्रित व्हिडिओमुळे. अकीनो या त्या देशातील अतिशय प्रसिद्ध टीव्ही निवेदिका, माजी राष्ट्राध्यक्ष कोराझोन अकीनो यांची कन्या आणि त्या वेळचे राष्ट्राध्यक्ष बेनिग्नो अकीनो तिसरे यांची बहीण. इंग्रजी आणि टागालोग यांची सरमिसळ करून भरधाव बोलणे, मध्येच भावुक होणे, लगेच सावरणे ही त्यांची लकब फिलिपिन्समधील घराघरात ठाऊक होती. नकलेची निवड किती हुशारीची होती ते यावरून कळते. ज्या व्यक्तीचे बोलणे प्रेक्षकाला आधीच पाठ आहे, तिचीच नक्कल दहा सेकंदांत पोहोचू शकते. ओळख करून द्यायला तेथे वेळच नसतो.

परंतु निवडीइतकाच महत्त्वाचा आहे तो नकलेचा सूर. त्या क्लिपांत अकीनो यांच्या राजकारणावर, कुटुंबावर किंवा खासगी आयुष्यावर टिप्पणी नाही. लक्ष आहे ते बोलण्याच्या ढंगावर, आणि तो ढंग पकडण्यात नक्कल करणारीला मनापासून मजा येत आहे हे दिसते. ज्याची नक्कल करतो त्याच्याविषयी मनात थोडे तरी प्रेम असल्याशिवाय नक्कल बारकाईने होत नाही, असे माझे ठाम मत आहे. रागातून केलेली नक्कल ठळक होते, बारीक होत नाही. शिवाय व्यवहाराची बाजूही आहे: फिलिपिन्समध्ये २०१२ च्या सायबर गुन्हे प्रतिबंधक कायद्याने ऑनलाइन बदनामी हा गुन्हा ठरवला आहे, आणि तेथे काम करणाऱ्या विनोदी कलाकाराला लकबीवरचा विनोद आणि माणसावरचा आरोप यांतील सीमा माहीत असावीच लागते.

दहा सेकंदांची एक क्लिप कशी बांधावी

येथे थोडे थांबून प्रत्यक्ष कामाकडे पाहू, कारण मोठ्या गोष्टी या छोट्या तुकड्यावर उभ्या आहेत.

आवाज निवडताना असा तुकडा घ्यावा ज्यात बोलणाऱ्याचा भाव एकदा तरी बदलतो. सगळा तुकडा रागाचा असेल तर चेहऱ्याला काम उरत नाही. राग आणि मग अचानक गोडवा, किंवा आत्मविश्वास आणि मग गडबड, असा बदल असेल तर विनोद त्या सांध्यावर बसतो. तुकडा इतका ऐकावा की तो म्हणताना आठवावा लागू नये. मग आरशासमोर नाही, तर थेट कॅमेऱ्यासमोर सराव करावा, कारण आरशात माणूस स्वतःच्या डोळ्यांत पाहतो आणि कॅमेऱ्यात तो प्रेक्षकाच्या डोळ्यांत पाहतो. नजरेच्या या फरकाने संपूर्ण परिणाम बदलतो.

चित्रित करताना मोबाइल डोळ्यांच्या उंचीवर आणि चेहऱ्याच्या जवळ असावा. उजेड समोरून यावा, म्हणजे भुवया आणि ओठांचे कोपरे स्पष्ट दिसतात. चेहरा मोठा करण्याचा मोह आवरावा. लहान पडद्यावर डोळे अर्धवट मिटणे हीदेखील मोठी हालचाल असते. प्रत्येक वाक्यासाठी एकच हालचाल ठरवावी आणि बाकी चेहरा स्थिर ठेवावा. ओठ आवाजाच्या किंचित आधी उघडले तर चालते, मागे पडले तर सगळे फसते. आवाज संपल्यावर लगेच बटण दाबू नये. शेवटची मुद्रा क्षणभर तशीच धरावी, आणि ती मुद्रा बोलणाऱ्याची आहे, नक्कल करणाऱ्याची नाही, याची खबरदारी घ्यावी. आपणच आपल्या विनोदावर हसू लागलो की पात्र तेथेच संपते.

अशा दहाबारा क्लिपा झाल्या की त्या एकामागोमाग लावून पाहाव्यात. मेंडोझा यांच्या बाबतीतही एकत्रित व्हिडिओ पसरला, हे लक्षात ठेवण्याजोगे आहे. एक क्लिप म्हणजे गंमत. अनेक क्लिपा सलग पाहिल्या की पाहणाऱ्याला त्यामागे असलेला माणूस, त्याची सवय, त्याची मेहनत दिसते. त्याच वेळी स्वतःलाही कळते की आपण एकच भुवई प्रत्येक क्लिपमध्ये वर करत आहोत. ती सवय वेळीच मोडावी.

टीव्हीने बोलावल्यावर काय जपावे

‘ईट बुलागा’ १९७९ पासून चालू असलेला कार्यक्रम आहे. टिटो सोत्तो, विक सोत्तो आणि जोई दे लिओन हे त्याचे मूळ सूत्रधार. २०१५ मध्ये तो जीएमए वाहिनीवर सोमवार ते शनिवार दुपारी थेट दाखवला जात असे. त्यातील एका भागात होसे मनालो, वॉली बायोला आणि पाओलो बाल्येस्तेरोस हे तिघे विनोदी कलाकार एखाद्या बारांगायमध्ये, म्हणजे स्थानिक वस्तीत जाऊन तेथील एका घराला बक्षिसे देत, आणि क्वेझोन सिटीतील स्टुडिओतून बाकीचे सूत्रधार त्यांच्याशी बोलत. या चालत्या गाडीत मेंडोझा यांना बसवण्यात आले. बायोला हे लोला निदोरा नावाच्या श्रीमंत, तोंडाळ आजीच्या वेषात होते आणि मेंडोझा त्या आजीची याया, म्हणजे तिच्या दिमतीला असलेली मोलकरीण.

या मांडणीत किती शहाणपण आहे ते पाहावे. नव्या मुलीला स्वतंत्र कार्यक्रम दिला नाही, निवेदन दिले नाही, गाणे दिले नाही. तिला जे येत होते तेवढेच करायला सांगितले, आणि तिच्या शेजारी तिच्या नेमके उलटे पात्र उभे केले. आजी अखंड बोलते, म्हणून यायाचे न बोलणे उठून दिसते. आजी सगळ्यांच्या अंगावर येते, म्हणून यायाचा निर्विकार चेहरा विनोदी होतो. अनुभवी नटाने बोलण्याचा सगळा भार उचलला आणि नवखीला मोकळे ठेवले. थेट प्रक्षेपणात नव्या कलाकाराला सांभाळून घेण्याची यापेक्षा चांगली रीत मला ठाऊक नाही.

म्हणून टीव्हीकडून विचारणा आल्यावर कलाकाराने पहिला प्रश्न मानधनाचा किंवा वेळेचा विचारण्याआधी हा विचारावा: ‘माझ्या शेजारी कोण असेल आणि तो काय करील?’ आपले बंधन ज्याच्यामुळे खुलेल असा जोडीदार मिळत असेल तर लहान भूमिका स्वीकारावी. ‘आता तुम्ही बोलायलाही लागा, नाचा, प्रेक्षकांना हात करा’ असा आग्रह होत असेल तर नम्रपणे पण ठामपणे थांबवावे. ऑनलाइन जे पाहून लोक आले, ते पहिल्याच आठवड्यात काढून टाकले तर ते लोक टीव्हीसमोर कशासाठी बसतील?

दुसरी गोष्ट प्रेक्षकाची. मोबाइलवर क्लिप पाहणारा माणूस एकटा असतो. दुपारच्या कार्यक्रमासमोर जेवणाच्या वेळी आजीपासून नातवापर्यंत सगळे घर असते. फिलिपिन्समध्ये टीव्ही कार्यक्रमांची प्रतवारी एमटीआरसीबी हे सरकारी मंडळ करते, आणि त्याचा बडगा खराच असतो: २०२३ मध्ये दुपारचाच दुसरा मोठा कार्यक्रम ‘इट्स शोटाइम’ या मंडळाने १२ प्रसारण-दिवसांसाठी स्थगित केला होता. ऑनलाइन खपलेला प्रत्येक विनोद टीव्हीवर नेता येत नाही. मेंडोझा यांच्या विनोदाला ही अडचण फारशी आली नाही, कारण तो चेहऱ्यावर होता आणि त्यात कोणाला खाली मान घालावी लागेल असे काही नव्हते. हा त्यांच्या निवडीचा फायदा होता, आणि तो आधीच हेरता येण्याजोगा आहे.

१६ जुलैचा क्षण: नियम कधी मोडावा

आता त्या प्रसिद्ध प्रसंगाकडे येऊ. १६ जुलै २०१५ रोजी पडदा दोन चौकटींत विभागलेला होता. एका चौकटीत रस्त्यावरची याया डब, दुसऱ्या चौकटीत स्टुडिओतील तरुण नट आल्डेन रिचर्ड्स. त्या दिवसापर्यंत यायाचा चेहरा दगडासारखा असे. रिचर्ड्स यांच्याबरोबर आपण एकाच पडद्यावर दिसत आहोत हे तिच्या ध्यानात आले आणि तिला हसू फुटले. ती लाजली, चेहरा सावरू पाहू लागली, आणि सूत्रधारांच्या नजरेतून ते सुटले नाही. त्यांनी लगेच दोघांना चिडवायला सुरुवात केली. त्या हसण्यातून ‘आल्डब’ ही जोडी जन्मली आणि वस्त्यांमधल्या रस्त्यांवर रोज थेट घडणारी ‘काल्येसेर्ये’ ही मालिका सुरू झाली.

हा भाग पुन्हा पुन्हा पाहावा, परंतु मेंडोझा यांच्या चौकटीकडे पाहून झाले की बाकीच्यांकडे पाहावे. त्या हसण्याला कोणी चूक म्हणून झाकले नाही. पात्राबाहेर पडलेल्या नवख्या कलाकाराला सावरून घेत पुढच्या विषयाकडे वळणे ही थेट कार्यक्रमातील सवयीची वाट असते. येथे अनुभवी मंडळींनी त्या घसरणीलाच कथा केले. याला मी या साऱ्या वाटचालीतील सर्वांत मोठे कौशल्य मानतो, आणि ते एकट्या मेंडोझा यांचे नव्हते.

तरीही एक गोष्ट विसरू नये. ते हसू मौल्यवान ठरले, कारण त्याआधी ती हसलीच नव्हती. बारा दिवस प्रेक्षकाने न हसणारा चेहरा पाहिला होता. पहिल्या दिवसापासून ती गोड हसत असती, तर १६ जुलैला पाहण्यासारखे काहीच घडले नसते. त्यामुळे जो आपला नियम मोडू इच्छितो त्याने आधी तो इतका काटेकोर पाळावा की प्रेक्षक त्याच्यावर विसंबू लागेल. आणि मोडणे ठरवून करू नये. ठरवून केलेली घसरण कॅमेरा लगेच ओळखतो. स्वतःला नियमात ठेवावे, समोर असे काही येऊ द्यावे की जे आपल्याला खरोखर हलवील, आणि हललो तर लपवायचा प्रामाणिक प्रयत्न करावा. प्रेक्षकाला आवडते ते हे लपवणे.

ताणून धरण्याची कला

यानंतरचे काही महिने अभ्यासकासाठी फार समृद्ध आहेत. दोघांना एकत्र आणण्याची घाई झाली नाही. एक स्टुडिओत, दुसरी रस्त्यावर. बोलायचे ते गाण्यांच्या ओळींवर ओठ जुळवून किंवा कागदावर लिहून दाखवून. ‘पाबेबे’ म्हणून ओळखला गेलेला, बोटे जुळवून मनगट हलवण्याचा लाडिक हात ही त्यांची एकमेकांना खूण झाली आणि देशभर लोक तसा हात करू लागले. लोला निदोरा मध्ये उभी राहून सांगत राहिली की प्रेमाला घाई नको, मोठ्यांचा मान राखा, सगळे योग्य वेळी होईल. तिच्या बहिणी म्हणून मनालो आणि बाल्येस्तेरोसही आज्यांच्या वेषात येत. नुसत्या थट्टेवर उभ्या असलेल्या खेळाला या आजीने मूल्य दिले, आणि घरातील वडीलधारी मंडळी तरुणांइतक्याच आवडीने तो पाहू लागली.

येथून शिकायचे ते असे की मूळ बंधन, म्हणजे न बोलणे, हेच आता कथेचा अडथळा झाले होते. दहा सेकंदांच्या क्लिपमध्ये ते केवळ तंत्र होते. मालिकेत ते प्रेमातील अंतर झाले. आपल्या पात्राची गोष्ट वाढवायची असेल तर बाहेरून नवे प्रसंग आणून ओतण्याआधी स्वतःच्या नियमाकडे पाहावे आणि विचारावे, ‘या नियमामुळे माझ्या पात्राला काय मिळत नाही?’ जे मिळत नाही तेच त्याला हवे असू द्यावे. कथा तेथून चालू लागते, आणि ती कोणाला उसनी वाटत नाही.

२४ ऑक्टोबरचा फिलिपीन अरीनातील सोहळा ‘तामांग पानाहोन’ (म्हणजे ‘योग्य वेळ’) ही याच आजीच्या वचनाची पूर्तता होती: योग्य वेळ आली. त्यातून जमलेला पैसा शाळांसाठी वाचनालये उभारण्याकडे वळवण्यात आला. मालिका पुढे डिसेंबर २०१६ पर्यंत चालली. माझ्या मते तिचे सर्वोत्तम दिवस अरीनापर्यंतचेच होते, कारण अंतर मिटल्यावर मूळ अडथळा उरला नाही आणि नवे अडथळे बाहेरून आणावे लागले. ज्याला आपले पात्र किती दिवस चालवावे हे ठरवायचे आहे, त्याने पहिल्या चार महिन्यांतील एखादा भाग आणि २०१६ मधील एखादा भाग एकापाठोपाठ पाहावा. फरक सांगावा लागत नाही.

पात्र संपल्यावर

याया डब ही मेंडोझा यांची ओळख होती, पण ती जन्मभर पुरणारी नव्हती, आणि त्यांनी बदल टप्प्याटप्प्याने केला ही त्यांच्या वाटचालीतील कमी चर्चिली गेलेली बाजू आहे. २०१७ मध्ये रिचर्ड्स यांच्यासोबतच त्यांनी ‘डेस्टिन्ड टू बी युअर्स’ ही जीएमएवरील मालिका केली. तेथे जोडीदार ओळखीचा होता, पण पात्र वेगळे होते आणि संवाद स्वतःच्या आवाजात होते. ऑक्टोबर २०१८ पासून विक सोत्तो यांच्याबरोबर ‘डॅडीज गर्ल’ ही विनोदी मालिका सुरू झाली आणि ती २०२३ पर्यंत चालली. येथे जोडीदारही बदलला: प्रेमाच्या जोडीऐवजी बाप-लेकीची जोडी. दरम्यान ‘ईट बुलागा’तील त्यांची जागा कायम राहिली, पण मोलकरीण म्हणून नव्हे, सूत्रधार म्हणून. २०२३ च्या मे अखेरीस मूळ सूत्रधारांनी निर्मिती संस्था सोडली आणि जुलैपासून टीव्ही फाइव्ह वाहिनीवर नव्याने सुरुवात केली, तेव्हा मेंडोझाही त्यांच्याबरोबर गेल्या.

या क्रमाकडे बारकाईने पाहावे. एका वेळी एकच गोष्ट बदलली. आधी आवाज आला, जोडीदार तोच राहिला. मग जोडीदार बदलला, पण विनोद राहिला, आणि तो जोडीदारही रोजच्या कार्यक्रमातला परिचित माणूस होता. प्रेक्षकाला प्रत्येक टप्प्यावर धरायला काहीतरी जुने मिळाले. ऑनलाइन नाव मिळवलेले अनेक जण टीव्हीवर येताच स्वतःला पूर्णपणे नवे करून दाखवू पाहतात आणि प्रेक्षकाला त्यांच्यात ओळखीचे काहीच सापडत नाही.

त्यामुळे पहिले पात्र लोकांच्या तोंडी असतानाच पुढच्या पात्राची तयारी सुरू करावी. जे बंधन पाळत आलो त्याच्या पलीकडचे कौशल्य, जसे ओठ जुळवणाऱ्यासाठी आवाजाचा सराव, संवादाचा वेग, दुसऱ्याचे वाक्य ऐकून त्यावर प्रतिक्रिया देणे, हे रोज थोडे थोडे करत राहावे, पण ते प्रेक्षकासमोर आणण्याची घाई करू नये. ज्येष्ठ कलाकारांच्या शेजारी उभे राहण्याची संधी मिळत असेल तर भूमिकेची लांबी मोजू नये. बायोला, मनालो आणि बाल्येस्तेरोस यांच्या शेजारी रोज दुपारी, थेट प्रक्षेपणात, रस्त्यावरच्या गर्दीत काढलेले महिने हीच मेंडोझा यांची नाट्यशाळा होती. आणि नवे पात्र निवडताना जुन्या पात्रातील कोणती एक गोष्ट त्यात नेणार आहोत, ते कागदावर एका ओळीत लिहून काढावे. ती ओळ लिहिता येत नसेल, तर नवे पात्र अजून तयार झालेले नाही असे समजून थोडे थांबावे.